लग्नाची फुलं: डेकोरेटरकडून, घरच्या घरी की कृत्रिम? बेळगाव-खानापूर-निपाणी भागासाठी सविस्तर हिशोब

कार्यालय ठरलं की पाठोपाठ डेकोरेटरचं 'पॅकेज' समोर येतं. स्टेज, गेट, मंडप, गाडी, हार सगळं एका आकड्यात. त्या आकड्याला लगेच हो म्हणू नका आणि घाबरून "फुलं आपणच करू" असंही ठरवू नका. एका लग्नात तिन्ही प्रकारांची कामं असतात. कुठलं काम कुणाचं, हे चार गोष्टींवरून ठरतं: ती जागा हाताच्या अंतरावर आहे की डोक्यावर, तिथे पूजा आहे की नुसती शोभा, ती सजावट किती तास टिकायला हवी आणि ती आदल्या संध्याकाळी बसून करता येते की पहाटे शिडीवर चढूनच करावी लागते.

शिडी लागते ती कामं डेकोरेटरला द्यावीत. सतरंजीवर बसून होणारी कामं घरी होतात. डोक्याच्या वरचं आणि ऊन-पावसातलं कृत्रिम चालतं. अंगावर आणि देवासमोर मात्र ताजंच हवं. पुढचा सगळा तपशील या वाटणीचाच आहे.

आधी कार्यालयात टेप घेऊन जा

यादी कागदावर करा: गेट, मुख्य दार, गौरीहराची जागा, मंडप किंवा चौरंगाभोवतीचा भाग, स्टेजची मागची बाजू, जेवणाचा हॉल, गाडी. अंगावरच्या फुलांची यादी वेगळी. प्रत्येक जागेची रुंदी आणि उंची फुटांत मोजा. मोजमाप हातात नसेल तर डेकोरेटर अंदाजाने बोलतो आणि घरचे त्याहून जास्त अंदाजाने.

कार्यालयाला चार प्रश्न विचारून घ्या. बाहेरचा डेकोरेटर चालतो का? बऱ्याच कल्याण मंटपांचा डेकोरेटर ठरलेला असतो आणि बाहेरचा आणला तर वेगळी रक्कम भरावी लागते. हॉल आदल्या दिवशी किती वाजता ताब्यात मिळतो? संध्याकाळी सातला मिळणार असेल आणि तिथे आधीचं लग्न असेल, तर प्रत्यक्षात नऊ धरा. भिंतीला खिळे किंवा टेप लावता येते का? डबल टेपने रंगाचे पापुद्रे निघाले की अनामत रकमेतून पैसे कापले जातात. शेवटचा प्रश्न: फुलांसाठी बंद, थंड खोली आहे का?

मुहूर्त आणि ऋतू

आपल्याकडे तुळशीच्या लग्नानंतर लग्नसराई उघडते ती आषाढापर्यंत. डिसेंबर-जानेवारीत बेळगावची थंडी फुलांना मानवते. शेवंती भरपूर असते, गुलाब टिकतो. मोगरा मात्र या काळात कमी आणि महाग. त्याच्या जागी कागडा मिळतो, पण त्याला वास जवळजवळ नसतो. मार्च ते मे मोगऱ्याचे दिवस. एप्रिल-मेमध्ये दुपारचं ऊन आणि संध्याकाळचा वळीव, दोन्हींची तयारी ठेवा. लॉनवरच्या लग्नात वळवाची एक सर आली तर कच्च्या रंगाच्या कापडी फुलांचा रंग उतरतो आणि भिजलेला झेंडू दुसऱ्या दिवशी काळा पडतो.

मुहूर्ताची वेळही तितकीच महत्त्वाची. दुपारी साडेबाराचा मुहूर्त आणि संध्याकाळी सातला स्वागत समारंभ असेल, तर पहाटे पाचला लावलेलं फूल सातपर्यंत चौदा तास उभं असतं. पाण्याशिवाय, उन्हाळ्यातल्या हॉलमध्ये, साधारण हिशोब असा: कोरडा ओवलेला झेंडू दिवसभर सहज टिकतो, निशिगंधाची माळ दहा-बारा तास, मोगऱ्याचा गजरा आठ-दहा तास, गुलाब सहा-आठ तास आणि जर्बेरा दोन-तीन तासांत मान टाकतो. म्हणून जर्बेरा आणि गुलाब पाण्यात देठ असेल तिथेच वापरा. माळांसाठी झेंडू, शेवंती आणि निशिगंध.

ज्या तारखेला एकाच दिवशी गावोगाव लग्नं असतात, त्या दिवशी फुलांचा भाव चढतोच. दसरा-दिवाळीच्या आसपासही तेच. भाव आधी बांधून घेता आला तर उत्तम. नाही तर किमान माल राखून ठेवायला सांगा.

डेकोरेटरशी बोलताना

मोबाइलमधला फोटो दाखवून "असंच हवं" म्हणणं ही भांडणाची सुरुवात. फोटोतली फुलं बहुतेक वेळा परदेशी किंवा पॉलीहाऊसची असतात आणि अर्धी तर कृत्रिमच असतात. फोटो दाखवा, पण त्याखाली प्रत्येक जागेसाठी लिहून घ्या: फूल कोणतं, ताजं की कृत्रिम, किती किलो किंवा किती जुड्या. जुडीचे आकडे साधारण ठरलेले असतात, डच गुलाब आणि कार्नेशन वीसची, जर्बेरा दहाची. "स्टेजला मिक्स फ्लॉवर" या तीन शब्दांत काहीही बसतं.

हेही लिहून घ्या: ठरलेलं फूल मिळालं नाही तर बदली कोणतं. सजावट किती वाजता पूर्ण हवी. मुहूर्ताच्या दोन तास आधीची वेळ ठेवा, कारण फोटोग्राफर आणि पै-पाहुणे त्याच वेळी येऊ लागतात. जनरेटर आणि शिडी कुणाची. दुसऱ्या दिवशी काढायला कोण येणार. आणि एक प्रश्न हमखास विचारा: त्या तारखेला तुमच्याकडे किती कामं आहेत? रात्रभरात शहापूर, टिळकवाडी आणि खानापूर अशी तीन ठिकाणं करायची असतील तर शेवटच्या ठिकाणी पहाटे घाईच होते. तुमचं काम पहिलं की तिसरं, हे आधीच कळलेलं बरं.

सगळं पॅकेज नको असेल तर फक्त मजुरी ठरवता येते. झेंडू आणि आंब्याचे डहाळे तुम्ही आणायचे, त्याची माणसं बांधून टांगतील. सगळे तयार होत नाहीत, पण विचारायला हरकत नाही. मध्यम बजेटच्या लग्नाला हा मार्ग सगळ्यात परवडतो.

थर्माकोलची कोरलेली नावं, मोर, कमानी अजूनही काही जण देऊ करतात. सजावटीच्या थर्माकोलवर १ जुलै २०२२ पासून देशभर बंदी आहे. नावं लाकडी प्लायवर किंवा पुठ्ठ्यावर करून घ्या.

घरी करायचं तर आधी वजन काढा

घरच्या कामात पहिली चूक प्रमाणाची होते. पाच किलो झेंडूत स्टेज भरेल असं वाटतं. हिशोब करून बघा. मध्यम आकाराचा झेंडू देठाकडून मधोमध सुई घालून ओवला, तर एका किलोत साधारण ८ ते १० फूट माळ होते. स्टेजची मागची बाजू १० फूट रुंद आणि ८ फूट उंच असेल आणि दर सहा इंचांवर एक माळ सोडायची असेल, तर २१ माळा लागतात, म्हणजे १६८ फूट. झेंडू १७ ते २१ किलो. खराब निघणाऱ्या फुलांसाठी दहा टक्के वाढवा. दर फुटाला एक माळ सोडली तर ११ माळा, ८८ फूट, ९ ते ११ किलो. पण मग मागे गडद किंवा क्रीम रंगाचं कापड हवंच, नाही तर माळांमधून भिंतीवरचा पंख्याचा स्विचबोर्ड फोटोत येतो.

चार फुटी दाराचं तोरण: वरची झोळी साडेपाच-सहा फूट आणि दोन्ही बाजूंना तीन-तीन फूट लोंबती माळ, म्हणजे बारा फूट. दीड किलो झेंडू आणि पंधराएक आंब्याची पानं पुरतात.

फुलाचा आकार बदलला की हे आकडे बदलतात. म्हणून महिनाभर आधी एक किलो आणून ओवून बघा आणि टेपने मोजा. त्याच वेळी किती वेळ लागतो तेही कळेल. सवय नसलेला माणूस तासाला वीस फूट ओवतो, गप्पा मारत बसला तर त्याहून कमी. १६८ फुटांना साडेआठ माणूस-तास, म्हणजे चार जण दोन तासांहून थोडे जास्त. हळदीच्या संध्याकाळी घरातल्या बायकांवर हे काम टाकू नका. ज्यांना हळद खेळायची आहे, पाहुण्यांचं बघायचं आहे, त्यांचे हात मोकळे नसतात. शेजारचे, कॉलेजचे मित्र, गल्लीतल्या मंडळाची पोरं अशी चार नावं आधीच ठरवा.

ओवणं आणि ठेवणं

लांब हाराची सुई आणि नायलॉनचा किंवा दुहेरी सुती दोरा घ्या. आठ फुटी माळ जवळजवळ एक किलोची होते. एकेरी सुती दोरा मध्यरात्री तुटतो आणि सकाळी माळ जमिनीवर असते. खाली गाठ मारताना देठाचा तुकडा आडवा घालून बांधा, म्हणजे गाठ फुलातून निसटत नाही. फुलं दाबून बसवा आणि वर सहा इंच दोरा मोकळा ठेवा. रात्रीत फुलं थोडी आक्रसतात आणि माळेत फटी पडतात. सकाळी टांगण्याआधी ती पुन्हा दाबून चार फुलं वर ओवली की फट दिसत नाही.

२१ माळांचं वजन वीस किलोच्या घरात जातं. पडद्याच्या बारीक दांडीला ते पेलत नाही. लोखंडी पाइप किंवा चांगला बांबू दोन्ही टोकांना बांधून घ्या.

फुलं पाण्यात बुडवू नका, पाणीही शिंपडू नका. ओला झेंडू आणि ओली शेवंती रात्रीत काळी पडते. बांबूच्या बुट्टीत सैल ठेवा आणि वर पिळून घेतलेलं ओलसर कापड टाका. बुट्टी ठासून भरली तर आत वाफ धरते, मधली फुलं गरम होऊन गळतात. प्लॅस्टिकच्या बंद पिशवीत तर हे दोन तासांत होतं. ओवलेल्या माळा खोलीत दोरीवर टांगून ठेवणं सगळ्यात चांगलं, फक्त पंख्याखाली नको.

देठाची फुलं आणायची असतील तर लग्नाच्या आदल्या दिवशी सकाळी आणा. देठ तिरका कापा, दोन-तीन सेंटिमीटर, आणि पाण्याखाली येणारी पानं काढून टाका. बादलीत थंड पाणी घालून अंधाऱ्या खोलीत किमान चार तास, शक्यतो रात्रभर ठेवा. गुलाबाला पाणी भरपूर लागतं. जर्बेराला बादलीत फक्त दोन-तीन इंच, कारण त्याचा केसाळ देठ खोल पाण्यात कुजतो. गुलाब अर्धवट उमललेला घ्या. निशिगंधाच्या कांडीवर खालची दोन-चार फुलं उमललेली आणि बाकी कळ्या असाव्यात. सगळ्या उमललेल्या कांडीची फुलं सकाळी गळू लागतात.

फुलांच्या खोलीत केळीचे घड आणि आंब्याच्या पेट्या ठेवू नका. लग्नघरात नेमकी तीच खोली सगळ्यात थंड असते, म्हणून फळंही तिथेच येतात. पिकणाऱ्या फळांतून इथिलीन वायू निघतो. कार्नेशन त्याने मिटून जातं, इतर फुलंही लवकर उतरतात. घरच्या फ्रिजचीही तीच अडचण, शिवाय ऑर्किड आणि अँथुरियम चार अंशांत काळवंडतात.

पुण्याहून किंवा बेंगळुरूहून रात्रीच्या बसने पार्सल मागवणार असाल तर खोके बसच्या इंजिनापासून दूर ठेवायला सांगा आणि आल्याबरोबर उघडून देठ पाण्यात सोडा. सीमाभागात अधूनमधून बंद पुकारला जातो आणि आंतरराज्य बस अडतात. लग्न त्या दिवसांत आलं तर जवळच्या मळ्यातल्या फुलांवर भिस्त ठेवा. आसपासच्या गावांतले शेतकरी थेट देतात. तिथे कानडीत मागायची वेळ आली तर झेंडूला चेंडूहू, शेवंतीला सेवंतिगे, मोगऱ्याला मल्लिगे, निशिगंधाला सुगंधराज आणि अबोलीला कनकांबर म्हणा. ओवलेली फुलं मोळावर मिळतात. एक मोळ म्हणजे कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत, साधारण दीड फूट. मोठी ऑर्डर असेल तर फुटांवर भाव करा, हात प्रत्येकाचा वेगळा असतो.

टेबलावरची फुलं: फोम की केळीचं खोड

फुलं खोचायचा हिरवा फोम सोपा, पण तो कुजत नाही आणि त्याचा भुगा नाल्यात जातो. वापरायचाच असेल तर वीट पाण्यावर सोडून द्या, ती स्वतःच बुडते. हाताने दाबली तर मध्ये हवा अडकते, वरून ओली दिसते आणि फुलं दुपारीच माना टाकतात. एकदा पाडलेल्या भोकात दुसरं फूल खोचू नका.

त्याला चांगला पर्याय आपल्याकडे फुकटात मिळतो. केळीच्या खोडाचा आठ इंचांचा तुकडा कापा, उभा चिरून दोन भाग करा आणि सपाट बाजू खाली ठेवा. स्क्रू ड्रायव्हरने तिरकी भोकं पाडून बारा-पंधरा फुलं खोचा. खोडात भरपूर ओल असते, दिवसभर पुरते. फक्त केळीचा चीक कापडावर पडला तर डाग कायमचा. म्हणून तुकडा केळीच्या पानावर किंवा ताटलीत ठेवा आणि जरीच्या टेबलक्लॉथपासून लांब.

अंगावरची फुलं

हार, मुंडावळ्या, वेणी ही कामं फुलाऱ्याकडे किंवा गावातल्या पिढीजात हार करणाऱ्या हूगारांकडे द्या. घरचा हौशी हात इथे चालत नाही, कारण गाठ सुटली तर ती भर मंडपात सुटते.

वरमालेचं माप सांगताना वरपक्षाने नवरदेवाच्या डोक्यावर काय असणार ते सांगावं. फेटा आणि त्यावर बाशिंग असेल तर साध्या हाराचा घेर अडकतो. फेट्यासकट डोक्याचा घेर दोरीने मोजा आणि हार त्यावरून सहज उतरेल इतका मोकळा करून घ्या. लांबी मांडीपर्यंत असावी, गुडघ्याखाली गेली तर नवरी चालताना पायात येते. गच्च गुलाबाचा हार दीड किलोपर्यंत जातो आणि तासभर घातला की मान दुखते. निशिगंधावर मधे मधे गुलाब हा हार हलका आणि जास्त टिकाऊ. गुलाबाच्या पाकळ्यांचा हार दिसतो भारी, पण ओली लाल पाकळी पांढऱ्या शालूवर डाग सोडते.

हार पुठ्ठ्याच्या खोक्यात, ओलसर मलमलीत गुंडाळून आणा. मुंडावळ्यांची एक जादा जोडी हवीच.

वेणीसाठी मोगरा आणि अबोली हे जुनं जुळणारं गणित. अबोलीला वास नाही, पण ती वजनाला हलकी आणि पाण्याशिवाय दुसऱ्या दिवसापर्यंत टिकते. मोगरा कळ्यांचाच घ्या, तो संध्याकाळी उमलतो. सकाळच्या मुहूर्ताला कळ्या मिटलेल्याच दिसतील, त्यात गैर काही नाही. लांब वेणीभर कळ्या बसवलेलं मोग्गिन जडे हवं असेल तर करणारी बाई आधी ठरवा आणि केसांची लांबी मोजून द्या. गजरा प्लॅस्टिकच्या डब्यात ठेवायचा असेल तर खाली केळीचं पान घाला, पाणी शिंपडू नका. पाण्याने मोगऱ्याच्या कडा तपकिरी होतात.

कृत्रिम फुलं: कुठे हो, कुठे नाही

छताच्या माळा, गेटची कमान, लॉनवरचे खांब, स्टेजच्या वरच्या कडा इथे कृत्रिम फूल बिनधास्त वापरा. आठ फुटांवर कापडी फूल कोणाला ओळखू येत नाही. फक्त खालच्या चार फुटांत, जिथे माणसं फोटोला उभी राहतात, तिथे ताजी फुलं मिसळा. खालचा हिरवा पाला ताजा ठेवला तर वरच्या कृत्रिम फुलांवर शंका येत नाही. कृत्रिम पाल्यात ताजी फुलं घातली तर मात्र पाला लगेच चमकतो.

घेण्याआधी तीन चाचण्या करा. मोबाइलचा फ्लॅश टाकून फोटो काढा. स्वस्त प्लॅस्टिक पांढरं चकाकतं. ओला पांढरा रुमाल फुलावर घासा. रंग लागला तर ते पावसात आणि साडीवर उतरणार. देठाची तार वाकवून बघा; टोक उघडं असेल तर मुलांच्या हाताला लागतं. खडेबाजार-गणपत गल्लीच्या भागात माल बघताना दुकानातल्या पिवळ्या दिव्याखाली निवडू नका, बाहेर उजेडात आणून रंग बघा.

विकत की भाड्याने? साखरपुडा, हळद, लग्न आणि सत्यनारायण या चारही कार्यक्रमांना तीच फुलं फिरणार असतील तर विकत घेणं परवडतं. एका दिवसासाठी असेल तर भाड्याने. भाड्याचा माल आदल्या दिवशी उघडून बघा, धूळ आणि उदबत्तीचा वास असतो. हेअर ड्रायरची थंड हवा मारली की धूळ निघते.

होमकुंड, समई, निरांजन यांच्यापासून कृत्रिम फूल आणि कापडी पडदा किमान चार-पाच फूट लांब हवा. पॉलिस्टर पेट घेतं तसं वितळून गळतं आणि कातडीला चिकटतं. गौरीहर, देवक, कलश, अंतरपाटाची जागा इथे कृत्रिम नकोच. घरातली वडील माणसं ते चालवून घेणार नाहीत आणि त्यांचं बरोबर आहे.

गाडीला ताजी फुलं लावून महामार्गावरून निपाणी किंवा संकेश्वरला गेलात तर पोहोचेपर्यंत फक्त टेप उरते. लांबच्या प्रवासाला कापडी फुलं आणि रिबन, ताजा हार कार्यालयाच्या कोपऱ्यावर आल्यावर. काच, आरसे आणि नंबरप्लेट मोकळी ठेवा.

लग्नानंतर

बाजारातल्या फुलांवर कीटकनाशकं मारलेली असतात. म्हणून पाकळ्या जेवणाच्या ताटावर किंवा सरबतात टाकू नका आणि उरलेला झेंडू गाई-म्हशींपुढे घालू नका. नवरानवरीवर उधळलेल्या पाकळ्या ओल्या असतील तर फरशीवर पाय घसरतो, त्या लगेच झाडायला एक माणूस ठेवा. दोरे आणि तारा काढून फुलं खड्ड्यात कुजवा. शेत असेल तर बांधावर. फोमचा तुकडा त्यात जाऊ देऊ नका. भाड्याच्या माळा परत देताना मोजून, फोटो काढून द्या आणि अनामत त्याच वेळी परत मागा.